मावशीनं पाहिलेली कुस्ती

निवृत्तीनं हात पुढं केला आणि मी तो धरला नाही.

मिरजेच्या मैदानात त्या संध्याकाळी पाय ठेवायला जागा नव्हती. समोरच्या जोडीतल्या दोघांनी निवृत्तीला कुटून काढलं होतं आणि तो कोपरांवर सरपटत माझ्या बाजूला येत होता. जोडीच्या कुस्तीचा नियम एव्हाना पोराटोरांनाही पाठ झाला होता. दोघांपैकी एकानं आत लढायचं, दुसऱ्यानं दोराबाहेर थांबायचं, आणि हाताला हात लागल्याशिवाय बाहेरच्यानं आत पाऊल टाकायचं नाही. लोक उभे राहून ओरडत होते, "भैरू, धर! हात धर त्याचा!" मी वाकलो, हात लांब केला. बोटाला बोट लागणार तेवढ्यात मागं घेतला, छातीवर हातांची घडी घातली आणि हसलो. तसं हसायला मला आठवडाभर आरशासमोर उभं राहावं लागलं होतं.

मैदान एकदम गप्प झालं. मग पहिली चप्पल आली. मी दोर ओलांडून आत गेलो, निवृत्तीचा उजवा हात पाठीमागं नेला आणि पिरगाळला. निवृत्ती असा किंचाळला की क्षणभर मलाच शंका आली.

"लागलं का रं?" मी ओठ न हलवता विचारलं.

"न्हाई. अजून वर घे," तो म्हणाला आणि पुन्हा किंचाळला.

पोलिसांनी मला कडं करून बाहेर काढलं. एका म्हाताऱ्यानं त्या कड्यातूनही छत्री घालून माझं डोकं फोडलं. त्या दिवशी सांडलेलं खरं रक्त तेवढंच.

आधी ठरवून केलेल्या कुस्तीला तालमीत नुरा म्हणतात, आणि शिवी हासडावी तसं म्हणतात. आम्ही दोघं पोटासाठी त्यात शिरलो होतो. राजेरजवाडे गेले, तालमीतला खुराक गेला, आणि मुंबईच्या कूपरशेठनं गावोगाव फ्रीस्टाइलचे खेळ लावायला सुरुवात केली, तेव्हा कोल्हापुरातल्या आमच्यासारख्या कितीतरी पैलवानांनी लंगोट सोडून रंगीत चड्ड्या चढवल्या. शेठनं आमची जोडी केली आणि जाहिरातीत 'खोत बंधू' असं छापलं. खोत होता तो निवृत्ती. मी भैरू लोहार. पण लोकांना भाऊ हवे होते, म्हणून मी धाकटा खोत झालो.

आणि खरं सांगायचं तर मी काही नुसता छापील भाऊ नव्हतो. माझी आई मी रांगत असताना गेली. तालमीत आल्यापासून सुट्टीला निवृत्ती मला त्याच्या गावी, माळेवाडीला, घेऊन जायचा, आणि त्याची आई, तानूमावशी, आम्हा दोघांना एका ओळीत बसवून तूप वाढायची. त्याच्या भाकरीवर जेवढं तूप तेवढंच माझ्या. एकदा निवृत्तीनं कुरकुर केली तर त्याच्या पाठीत धपाटा बसला, माझ्या नाही. या एका गोष्टीचा मला किती आनंद झाला होता, ते आज या वयात सांगायलाही लाज वाटते.

मावशीचा नवरा वस्ताद होता. जुन्या वळणाचा. नुरा केली म्हणून त्यानं एका पठ्ठ्याला तालमीबाहेर काढलं होतं आणि 'याच्या हातचं पाणी पिऊ नका' असं गावाला सांगितलं होतं. वस्ताद गेला, पण त्याचा शब्द घरात तसाच राहिला. त्यामुळं आमच्या कुस्त्या ठरवलेल्या असतात हे मावशीला सांगायची निवृत्तीची कधी छाती झाली नाही. बायामाणसं मैदानात जात नसत, त्यामुळं तिनं कधी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलंही नाही. तिला एवढंच ठाऊक, की पोरगा लढतो आणि जिंकतो.

आणि ती उपास करायची. आमची कुस्ती असली की सकाळपासून निकालाची तार येईपर्यंत तोंडात पाण्याचा थेंब नाही. तार कधी दुसऱ्या दिवशी दुपारी पोचायची. निवृत्ती कळवळायचा. शेवटी त्यानं युक्ती काढली. निकाल आपल्याला आधीच माहीत असतो, मग तार सकाळीच का करू नये? तेव्हापासून आम्ही गावात उतरलो की आधी पोस्टात जायचो, 'जिंकलो' म्हणून कळवायचो आणि मग चहा प्यायचो. हुबळीला वादळानं तंबूच उडवला, खेळ रद्द झाला, पण मावशीनं माळेवाडीत घरोघर गूळ वाटला होता. न झालेली कुस्ती जिंकणारे पैलवान आम्हीच असू. त्या दिवशी आम्ही हसून हसून लोळलो. निवृत्ती आधी गप्प झाला.

अशी आमची चांगली चालली होती. पण पुढंपुढं खुर्च्या रिकाम्या राहायला लागल्या आणि कूपरशेठनं आम्हाला बोलावून घेतलं.

"भाऊ भाऊ बघून पब्लिक कंटाळला," तो म्हणाला. "आता भाऊबंदकी पायजे. तुमच्या लोकांला भाऊबंदकी लई आवडते."

निवृत्ती लगेच म्हणाला, "मी फुटतो, शेठ. भैरूला नको."

शेठनं त्याच्याकडं पाहिलं, मग माझ्याकडं. निवृत्ती गोरा, देवळातल्या मूर्तीसारखा. माझ्या तोंडावर देवीचे वण आणि भुवया एकमेकींत मिसळलेल्या. "तू फुटला तर कोण विश्वास ठेवेल?" शेठ म्हणाला. "याचा चेहरा तयारच आहे." आम्ही तिघंही हसलो. मीही हसलो.

त्या धंद्याचा एक कायदा होता. जे रिंगणात वैरी, ते बाहेरही वैरी. एका हॉटेलात जेवायचं नाही, एका डब्यात बसायचं नाही, दिसला तर तोंड फिरवायचं. घरच्यांनासुद्धा खरं सांगायचं नाही, कारण गोष्ट घरातून पाणवठ्यावर जाते आणि तिथून तिकिटाच्या खिडकीवर. मिरजेच्या कुस्तीनंतर निवृत्तीच्या धडधाकट हाताला कंपाउंडरनं प्लास्टर घातलं आणि तो माळेवाडीला गेला. मी सोलापूरच्या बाजूला खेळत राहिलो. प्रत्येक गावात शिव्या खायच्या आणि तंबू भरायचा. दिवाळीत मिरजेलाच बदल्याची कुस्ती व्हायची होती. तिथं मी पडणार, हेही ठरलं होतं.

दसऱ्याच्या आधी एका दुपारी सांगलीत माझ्या खोलीचं दार वाजलं. उघडलं तर टॉवेलनं तोंड बांधलेला निवृत्ती. प्लास्टर निघालं होतं.

"अरे, येडा हायस काय! कुणी बघितलं म्हणजे?"

"बघू दे," तो म्हणाला आणि कॉटवर बसला. "आई मरतीया, भैरू."

मग त्यानं सगळं सांगितलं. प्लास्टर पाहिल्यावर मावशीनं देवाला शब्द दिला होता. निवृत्ती भैरूची पाठ मातीला लावीपर्यंत अन्नाला शिवणार नाही. भाकरी नाही, भात नाही. कपभर चहा आणि चार उकडलेल्या शेंगा. मिरजेची कुस्ती झाली तेव्हा पेरण्या चालल्या होत्या. तेव्हापासून.

"शेठला सांग ना, कुस्ती अलीकडं घे म्हणून!"

"मुंबईला जाऊन आलो. पाया पडलो. म्हणतो, दिवाळीची जाहिरात लागली. दिवाळीपर्यंत न्हाई आई टिकत. डॉक्टरनं हात टेकलं. उठता येत न्हाई तिला." त्यानं टॉवेलनं डोळे पुसले. "तू चल. आपण दोघं मिळून खरं सांगू. मी एकटा सांगितलं तर म्हणंल, भैरूला पाठीशी घालतोय. तू समोर असलास तर पटंल."

मी लगेच सदरा चढवला. खोटं कशाला बोलू, मावशी जगावी म्हणून तर मी निघालोच, पण मला आणखीही काही हवं होतं. चार महिने गावोगावच्या शिव्या मी हसत खाल्ल्या होत्या. पण माळेवाडीत ती एक बाई मला शाप देत बसली आहे, हे काही मला गिळता येत नव्हतं. आता तिला खरं कळणार होतं. एसटीत मी निवृत्तीच्या शेजारी बसलो, उघडपणे, आणि कायदा गेला खड्ड्यात म्हणालो.

माळेवाडीत उतरलो तेव्हा पारावरची माणसं उठून उभी राहिली. एक जण माझ्या पायाजवळ थुंकला. निवृत्ती त्याच्या अंगावर जायला लागला, मी त्याला ओढून नेलं.

मावशी माजघरात पडली होती. गोधडीखाली माणूस आहे की नाही, असं वाटावं एवढीच उरली होती. पण डोळे जागच्या जागी होते. मला पाहून तिनं पदर डोक्यावर ओढला, परक्यासमोर ओढतात तसा.

"ह्यो कशाला आलाय?"

"आई, ऐक माझं," निवृत्ती तिच्या उशाशी बसला. "माझा हात मोडलाच न्हवता. ह्यो बघ." त्यानं उजवा हात गरागरा फिरवला. "ती कुस्ती खरी न्हवती. सगळं आधी ठरलं हुतं. भैरूनं काय बी केलं न्हाई. तू आता दोन घास खा."

मावशी त्याच्या हाताकडं बघत राहिली. माझ्या मनात आलं, झालं, आता ती माझ्याकडं बघेल.

"कंची?" ती म्हणाली.

"काय कंची?"

"कंची कुस्ती खरी न्हवती म्हंतोस?"

"मिरजंची."

"आन् हुबळीची?"

निवृत्ती गोधडीचं टोक सारखं करायला लागला.

"सोलापुरात तार चुकली हुती, मी दोन दीस पान्याबिगर काढलं. ती?"

निवृत्तीनं मान खाली घातली. तो तसा बिचारा होता. लोकांसमोर किंचाळायला सांगा, डोंगर हलवेल; आईसमोर त्याला एक थाप मारता येईना. मावशीची नजर त्याच्यावरून सरकत भिंतीवर गेली. तिथं वस्तादांचा फोटो होता. खाली आम्ही, म्हणजे खोत बंधूंनी, जिंकलेल्या गदा ओळीनं टेकवल्या होत्या. त्यांना ती रोज पुसत असणार. एकीवरही धूळ नव्हती. माणूस मरताना कसं दिसतं ते मी पुढं पुष्कळदा पाहिलं. त्या दिवशी ती जिवंतपणी तशी दिसत होती.

"खोटं बोलतोय त्यो," मी म्हणालो.

दोघांनी माझ्याकडं पाहिलं.

"तुझा उपास सुटावा म्हणून बोलतोय. मी मोडला त्याचा हात, मावशी. खरोखरचा मोडला. आता सांधलाय, म्हणून दाखवतोय. बाकीच्या सगळ्या कुस्त्या खऱ्या. हुबळीची खरी, सोलापूरची खरी. तुझ्या पोराची पाठ आजवर कुणी लावली न्हाई."

"भैरू, अरे काय..."

"गप् बस तू!" मी निवृत्तीवर खेकसलो. "लई झालं तुझं मला वाचवणं."

मावशीनं डोळे मिटले आणि एक मोठा श्वास सोडला. तिला बरं वाटलं. ते मला स्वच्छ दिसलं. तिचा मुलगा तिला परत मिळाला होता, आणि तिचा नवरा, आणि सगळे उपास. मग तिनं डोळे उघडले.

"का मोडलास?"

याची तयारी माझी नव्हती. आमच्या धंद्यात 'का' हा प्रश्न शेठ सोडवायचा.

"लोक त्याचंच नाव घ्यायचे," मी म्हणालो. "मला सोसलं न्हाई."

"मला सांगायचं हुतंस की रं," मावशी म्हणाली. तिचा आवाज चढला नाही, तेच वाईट झालं. "मी म्हनले असते त्याला, जरा मागं हो, भैरूला म्होरं हू दे. ऐकलं असतं त्यानं माझं."

मला तिथं उभं राहवेना. मी सदरा काढला. "निवृत्ती, चल परड्यात. मावशीचा शब्द पुरा कर. त्यासाठीच आलोय मी."

निवृत्ती नको नको म्हणत होता. पण मावशी हातावर जोर देऊन उठायला लागली होती, आणि इतक्या दिवसांत ती पहिल्यांदा उठत होती. आम्ही दोघांनी बाज उचलली, पुढून मी, मागून तो, आणि मागच्या दारात नेऊन ठेवली. परड्याला चारी बाजूंनी भिंत होती. कुणी बघायला नव्हतं. एक शेळी होती.

आयुष्यात मावशीनं पाहिलेली ती एकच कुस्ती.

लोकांना वाटतं, नुरा कुस्तीत जिंकणारा कष्ट करतो. उलट आहे. पडणाऱ्यालाच सगळं करावं लागतं. जिंकणाऱ्याचा तोल सांभाळायचा, त्याचा डाव त्याच्यापेक्षा आधी ओळखायचा, आणि आपलं वजन त्याच्या खांद्यावर असं द्यायचं की त्यानंच उचललं असं दिसावं. त्या दिवशी निवृत्तीच्या अंगात काही उरलंच नव्हतं. तो रडत होता आणि माझ्या मानेत तोंड लपवून म्हणत होता, "नगं रं भैरू, नगं." मी त्याला ढकललं, पुन्हा ओढलं, त्याच्या छातीवर डोकं हाणलं. वस्तादाची बायको बघत होती, तिला उगीचची झोंबाझोंबी चालली नसती.

"ढाक मार," मी त्याच्या कानात म्हणालो. "मार लेका, ती उपाशी हाय."

त्यानं माझा हात काखेत घेतला, पाय अडवला. बाकीचं मी केलं. तालमीत लाल माती लोण्यासारखी असते. परड्यात मुरूम होता. मी पाठीवर असा आपटलो की डोळ्यांपुढं अंधारी आली. निवृत्ती माझ्या छातीवर पडला आणि हमसून रडायला लागला.

"दोनी खांदं टेकलं का?" मावशीनं दारातून विचारलं.

"टेकलं, आई."

"त्याला सांगू दे. त्याच्या तोंडानं."

"टेकलं, मावशी," मी म्हणालो.

"मला मावशी म्हनू नगंस."

निवृत्तीनं भाकरी थापली. तालमीतल्या पोरांना सगळं येतं. दुधात कुस्करून त्यानं तिला एकेक घास भरवला आणि तिनं तो खाल्ला. मी परड्यातच होतो, पाठीचे खडे काढत. दारातून मला तिचा हलणारा जबडा दिसत होता, आणि देवाशपथ सांगतो, मला रडू आलं ते आधी आनंदानंच. चार घास झाल्यावर तिनं निवृत्तीचा हात धरला.

"त्यालाबी वाढ. माझ्या घरातनं कोन उपाशी जायला नगं. पर चुलीपाशी नगं. सोप्यात वाढ."

माळेवाडीत सोप्यात कोण जेवतं? तलाठी जेवतो, मध्यस्थ जेवतो, वाट चुकलेला जेवतो. मी सोप्यात पाट घेतला. निवृत्तीनं ताट आणलं आणि माझ्यासमोर मांडी घालून बसला.

"मी आत्ता जाऊन सांगतो तिला," तो म्हणाला. "असू दे काय व्हायचं ते."

"आणि मग परत जेवायची बंद झाली म्हणजे? शपथ हाय तुला माझी."

शपथ त्यानं पाळली. दिवाळीला मिरजेत मी पुन्हा पडलो, माळेवाडीहून दोन ट्रक भरून माणसं आली होती, आणि कूपरशेठनं स्वतः मला पेढा भरवला. मावशी त्यानंतर पुष्कळ वर्षं जगली. चांगली हिंडूफिरू लागली, निवृत्तीचं लग्न पाहिलं, नातवंडं पाहिली. लग्नाला मी गेलो नाही. ती गेली तेव्हा निवृत्तीचा निरोप आला, तेव्हाही गेलो नाही. खांदा द्यायला मी कोण म्हणून उभा राहणार होतो?

पण त्या दुपारी मी जेवलो. ताटात काही टाकलं नाही. हात धुतले, सदरा घातला. आतून मावशीचा आवाज आला. इतक्या दिवसांनी त्या आवाजात थोडा जोर होता.

"जेवला का त्यो?"

"जेवला," निवृत्ती म्हणाला.

"पोटभर?"

निवृत्तीनं माझ्याकडं पाहिलं. मी मान हलवली.

"पोटभर जेवला, आई."

"मग जाऊ दे त्याला. आन् दार लावून घे."